मंद दिवा

चोपडा-यावल रस्त्यावर, अडावदच्या अलीकडे, संध्याकाळी साडेसातला उसाच्या दोन ट्रॉल्या पंक्चर होऊन उभ्या होत्या. रस्त्याच्या कडेला नव्हे, डांबरावर. केळीच्या मळ्यातून घरी निघालेला माझा पक्षकार मोटारसायकलसकट मागच्या ट्रॉलीवर आदळला. डावी मांडी, गुडघा, दोन ऑपरेशनं, आत प्लेट.

मोटार अपघाताच्या दाव्यात लोक विचारतात, ‘किती मिळतील?’ वकील आधी विचारतो, ‘चूक कुणाची?’ मोटार वाहन कायद्याच्या कलम १६६ खाली आलात की समोरच्याची हयगय दाखवावीच लागते. इथे पोलिसांनी पंचनामा दुसऱ्या दिवशी सकाळी ११ वाजता केलेला. ‘रस्ता सरळ, दृष्टी मोकळी.’ सकाळी ११ ला कोणता रस्ता मोकळा दिसत नाही? अंधारातला अपघात भर उन्हात लिहायची ही सवय काही सुटत नाही. पण त्याच हवालदारानं खाली एक ओळ लिहून ठेवली होती, ‘ट्रॉलीस मागे दिवा अथवा रेडियम दिसून आले नाही.’ त्या ओळीचे उपकार मोठे. मी स्वतः त्या जागी रात्री जाऊन आलो होतो. आसपास एकाही खांबावर दिवा नाही.

उलटतपासणीच्या दिवशी विमा कंपनीच्या वकिलांनी नेहमीचे प्रश्न उरकले. लायसन्स? नाही. हेल्मेट? नाही. मी निवांत होतो. लायसन्स नव्हतं म्हणून आपोआप सहभागी हयगय, म्हणजे अपघातात जखमीचीही चूक, ठरत नाही, सर्वोच्च न्यायालयानं २००८ मध्येच सांगितलंय. मार पायाला, त्यात हेल्मेटचा काय संबंध? मग त्यांनी जाता जाता खडा टाकला, “तुमच्या गाडीचा लाइट बंद होता ना?”

बंद असल्याचा कागद कुठेही नव्हता. ‘नाही’ म्हटलं की विषय संपला असता.

“चालू व्हता, सायेब,” तो म्हणाला. “पन मंद व्हता. खोटं काब्र बोलू?”

टायपिस्टनं लिहिलं, ‘माझ्या गाडीचा दिवा मंद होता हे खरे आहे.’ ‘चालू होता’ गायब. मी उठलो, न्यायाधीश साहेबांना विनंती करून ते दोन शब्द घालून घेतले. जबानीत अर्धं वाक्य हरवलं की माणूस अर्धा दोषी होतो. आमच्याकडचे कित्येक वकील त्या वेळी मोबाइलमध्ये असतात.

चहाच्या टपरीवर मी जरा चिडूनच विचारलं, “भाऊ, एवढं कशाला सांगायचं?” तो कुबडी टेकवून उभा होता. म्हणाला, “त्यानी इचारं, मी सांगं.”

डॉक्टरांची साक्ष चांगली झाली. प्रमाणपत्रात डाव्या पायाचं ४० टक्के अपंगत्व. पण पायाचे टक्के वेगळे आणि पोटाचे वेगळे. डोक्यावर चुंबळ, चुंबळीवर केळीचा वीसेक किलोचा घड, पायाखाली पाटाचा चिखल, असं बांधापर्यंत चालायचं असतं. मी विचारलं, “हा माणूस ते करू शकेल का?” डॉक्टर म्हणाले, “नाही.” सर्वोच्च न्यायालयाच्या २०१० च्या निकालापासून कायदाही हेच पाहायला सांगतो, की त्या माणसाच्या कामाचं किती नुकसान झालं. न्यायाधीशांनी ५० टक्के धरले.

मग हिशेब. महिना १०,००० धरले, भविष्यातल्या वाढीचे ४० टक्के मिळवून १४,०००. वर्षाचे १,६८,०००. वय ३४, त्या वयाला ठरलेला गुणक १६, म्हणजे तितक्या वर्षांची कमाई. त्याचे निम्मे, १३,४४,०००. दवाखान्याचा खर्च वेगळा. मी मनात पेढे वाटायला सुरुवात केली होती. पुढचं पान उलटलं: अर्जदाराने दिवा मंद असल्याचे मान्य केले असल्याने त्याची हयगय २५ टक्के. नुसत्या या एका रकमेतून ३,३६,००० गेले.

निकालावर मी रागावलेलो नाही. मंद दिव्यानं पुढचं कमी दिसतं, हे नाकारून कसं चालेल? राग स्वतःवर आहे. निकालानंतर आठेक दिवसांनी रात्री जळगावहून परत येताना एका सायकलवाल्याच्या मागच्या चाकावरची रेडियमची चिकटपट्टी लांबूनच चमकली. माझ्या गाडीचा एक दिवा गेलेला, दुसरा पिवळट. तरी चमकली. रेडियम असतंच मुळी थोडक्या उजेडासाठी. ट्रॉलीला वीतभर पट्टी असती, तर त्याच मंद दिव्यात ती दिसली असती. म्हणजे त्याची कबुली आमच्या विरुद्ध नव्हती, बाजूची होती. युक्तिवादाला मी पाऊण तास उभा होतो. लायसन्सवर बोललो, पंचनाम्याच्या वेळेवर बोललो. हे एक वाक्य सुचलं नाही.

औरंगाबाद खंडपीठात अपिलाला ९० दिवस असतात, त्यातले ४१ उरलेत. काल त्याला फोन केला. अपील करायचं का, विचारलं. त्यानं आधी खर्च विचारला. मग म्हणाला, “मी मंद सांगं तेन्हामुळेच ना, सायेब?”

मी म्हणालो, “कागद घेऊन सोमवारी या.”