एका वादळानंतर सगळे उजवे

माटुंग्याच्या एका महाविद्यालयात मी रसायनशास्त्र शिकवते. गेल्या जुलैमध्ये माझी एक माजी विद्यार्थिनी, जी आता किशोरवयीन मुलांसाठी अद्भुतकथा लिहिते, आपल्या नव्या कादंबरीचे हस्तलिखित आणि त्यातला एक अडलेला प्रश्न घेऊन प्रयोगशाळेत आली. तिच्या कल्पित जगात एका खाऱ्या सरोवराच्या तळाशी जिवंत स्फटिकांची वस्ती आहे. ती माणसे पाण्यातल्या क्षारातून कणाच्या रूपाने जन्मतात, थरावर थर चढून वाढतात, आणि जन्मतःच डावी किंवा उजवी असतात. दोघांची घडण आरशातल्या प्रतिबिंबासारखी परस्परांच्या उलट असते, आणि अंगातून जाणारा प्रकाश एक जण डावीकडे, तर दुसरा उजवीकडे वळवतो. पिढ्यान्‌पिढ्या वस्तीत दोन्ही जवळजवळ निम्मे निम्मे होते. मग एका रात्री वादळाने सरोवर तळापासून घुसळून काढले आणि त्या मोसमात जन्मलेले एकूण एक मूल उजवे निघाले. हस्तलिखितात याचे कारण एका ऋषीचा शाप असे दिले होते.

"मॅडम, शाप काढून टाकला तर हे घडूच शकणार नाही का?" तिने विचारले. हस्तलिखित मी आधीच वाचलेले असल्यामुळे तिच्या या प्रश्नाचे उत्तर मी आदल्या संध्याकाळीच मांडून ठेवले होते.

सोडियम क्लोरेट हा क्षार पाण्यात विरघळलेला असताना डावा नसतो आणि उजवाही नसतो. तो भेद स्फटिक जमताना, कणांच्या मांडणीतून निर्माण होतो. किपिंग आणि पोप या रसायनशास्त्रज्ञांनी 1898 साली असे स्फटिक मोजले, तेव्हा दोन्ही प्रकार जवळपास सारखे भरले. द्रावण शांत ठेवले की ठिकठिकाणी स्वतंत्रपणे कण धरतात आणि प्रत्येकाची बाजू योगायोगाने ठरते. 1990 साली कोंडेपुडी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी तेच द्रावण ढवळत ठेवून स्फटिक जमू दिले, आणि एका भांड्यातले जवळजवळ सगळे स्फटिक एकाच बाजूचे निघाले.

पावसाळ्यात मुंबईच्या दमट हवेत उघड्या भांड्यातले पाणी उडता उडत नाही, म्हणून मी वातानुकूलित खोलीत त्याच द्रावणाची एक पेट्री डिश, म्हणजे उथळ काचेची थाळी, न हलवता ठेवली होती आणि शेजारी दोन बीकरमधले द्रावण मॅग्नेटिक स्टररवर, म्हणजे चुंबकाने ढवळणाऱ्या यंत्रावर, रात्रभर ढवळत ठेवले होते. क्लोरेट आगीला जोर देणारे असल्याने प्रयोगशाळेतल्या काकांनी तिथून कागद, कापड आणि आम्लाच्या बाटल्या आधीच दूर केल्या होत्या, आणि ते बरे केले.

पेट्री डिश दोन पोलरॉइडच्या, म्हणजे प्रकाशाची एकाच दिशेतली कंपने पार जाऊ देणाऱ्या चकत्यांच्या, मध्ये धरली. पोलरॉइड एकमेकांना आडवे असताना काचेसारखे लहान चौकोनी स्फटिक काळ्या पार्श्वभूमीवर फिकट दिसत होते. वरचे पोलरॉइड किंचित फिरवताच त्यांतले काही निळसर काळे पडले आणि शेजारचे तांबूस उजळले. उलट्या दिशेने फिरवल्यावर त्यांनी रंगांची अदलाबदल केली. मिलिमीटरभर जाडीचा स्फटिक पिवळ्या प्रकाशाच्या कंपनांची दिशा फक्त तीनेक अंश वळवतो, परंतु डोळ्यांना तेवढे पुरते. ती बराच वेळ ते पोलरॉइड मागेपुढे फिरवत राहिली, आणि मीही तिला घाई केली नाही.

मग पहिल्या बीकरमधले बारीक दाणे मायक्रोस्कोपखाली ठेवले. नजरेच्या टप्प्यातले सगळे दाणे एकदमच काळवंडले आणि एकदमच उजळले. सगळे उजवे होते.

"असे का होते?" तिने विचारले. मी सांगितले की ढवळल्यामुळे पहिल्या स्फटिकाच्या अंगावरून सूक्ष्म कण सुटतात, ते द्रावणभर पसरतात, आणि विरजणाप्रमाणे प्रत्येक कण आपल्याच जातीचा विस्तार करतो. इतके दाणे एकदम वाढू लागले की पाण्यातला जादा क्षार झपाट्याने संपतो आणि दुसरा स्वतंत्र कण धरायला काही उरत नाही. शांत सरोवरात प्रत्येक मुलाला आपापला आरंभ असतो. वादळात एकालाच आरंभ मिळतो आणि बाकीची सगळी त्याची संतती असते.

"म्हणजे त्या मोसमातली सगळी मुले एकाच आईची," ती म्हणाली. हा विचार हस्तलिखितात कुठेच नव्हता, आणि माझ्या मते शापाच्या प्रकरणापेक्षा तो कितीतरी मोठा आहे.

तिला मात्र उजव्यांचे काहीतरी श्रेष्ठत्व कथेत हवे होते. वस्तीतले वृद्ध तसे मानतात आणि उरलेल्या डाव्यांना सरोवराच्या काठाशी लोटतात. वृद्धांनी तसे मानावे, मी म्हटले, पण कथेने ते खरे ठरवू नये, कारण पहिला कण उजवा का धरला याला कारणच नाही. यावर ती गप्प राहिली. मला हा मुद्दा सोडवेना, कारण कल्पित जगातल्या निसर्गानेही आपला नियम शेवटपर्यंत पाळला पाहिजे, असे मी मनापासून मानते.

दुसरा बीकर अजून पाहायचा राहिला होता. तेच द्रावण, तोच वेग, तीच रात्र. दाणे मायक्रोस्कोपखाली ठेवून मी तिला बघायला सांगितले. ते सगळे डावे होते.

तिने तिथेच, टेबलाशी उभ्या उभ्या, शापाचे प्रकरण काटले आणि समासात लिहिले, की डोंगरापलीकडे दुसरे एक सरोवर आहे, त्याच रात्री तेच वादळ तिथेही झाले, आणि तिथली सगळी मुले डावी जन्मली.