टाकाऊ सामानातून उभ्या राहणाऱ्या खोल्या: आमची वाटचाल

आम्ही लोकांनी टाकून दिलेल्या वस्तूंपासून इन्स्टॉलेशन करतो, ज्याच्या आत शिरता येतं, फिरता येतं, मान वर करून बघत बसता येतं असं. सुरुवात मात्र छोट्या पॅनलांनी झाली, जुन्या सीडी, बाटल्यांची झाकणं, कीबोर्डची बटणं, ऑफिसच्या रिसेप्शनमागे लावायला. काम चांगलं चालायचं पण माणसं दोन मिनिटं बघून पुढे जायची आणि मला ती त्या वस्तूंच्या मधोमध उभी असलेली हवी होती.

एल अनात्सुईंच्या कामाने दिशा दिली. घानात जन्मलेले, नायजेरियात अनेक वर्षं काम केलेले हे शिल्पकार, दारूच्या बाटल्यांची अ‍ॅल्युमिनियमची झाकणं चेपून तांब्याच्या तारेने जोडतात आणि भिंतभर पडदे करतात, २०१५ साली व्हेनिस बिएनाले या आंतरराष्ट्रीय कलाप्रदर्शनाने त्यांना जीवनगौरवाचा गोल्डन लायन पुरस्कार दिला. मला सगळ्यात भिडलं ते हे, की तारेने ओवलंय म्हणून त्या पडद्याची घडी होते आणि दुसऱ्या जागी तो नव्या चुण्या घेऊन लटकतो. तिथून आमचा नियम ठरला, जोडलेलं सगळं सोडता आलं पाहिजे. तार, शिवण, नटबोल्ट चालतील, गोंद नाही, कारण प्लास्टिक, धातू, कापड एकदा चिकटवलं की प्रदर्शन संपल्यावर ते वेगळं करणं कुणालाच परवडत नाही आणि आपणच नवा कचरा तयार करतो.

बहुतेक वेळ वर्गवारीतच जातो. साधी पाण्याची बाटली घ्या, ती पेट (PET) नावाच्या प्लास्टिकची, पाण्यात बुडते, तिचं झाकण वेगळ्या प्लास्टिकचं, तरंगतं, मग दोघांचे ढीग वेगळे. पीव्हीसीला आम्ही गरम कटर लावत नाही, त्यातून हायड्रोजन क्लोराईड हा विषारी वायू निघतो. जुन्या टीव्हीच्या पिक्चर ट्यूब कितीही सुंदर दिसल्या तरी घेत नाही, त्यांच्या काचेत शिसं असतं.

प्रकाशाचं काम माझं सगळ्यात आवडीचं. सीडीवरच्या रेघांमध्ये साधारण १.६ मायक्रॉनचं (मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग) अंतर असतं म्हणून तिच्यावर प्रकाश फुटून रंग दिसतात, पण चारी बाजूंनी दिवे लावले की रंग एकमेकांत मिसळून फिके पडतात, म्हणून आम्ही अंधाऱ्या खोलीत एकच बारीक, हळू फिरणारा दिवा लावतो आणि अख्खी खोली रंग बदलत राहते!

आता क्लायंटला डिझाइनसोबत खोली उतरवायचा प्लॅनही आधीच दाखवतो, कुठली वस्तू नंतर कुठे जाणार ते लिहून. काहींना ते फालतू वाटतं, ते काम दुसरीकडे देतात, चालेल. सध्या जुन्या कॅसेटच्या टेपची खोली करतोय, टेप हवेत सळसळते, अंगाला चिकटते, फार छान वाटतं आत, फक्त ती परत रिळावर गुंडाळायची सोय होईपर्यंत आम्ही ऑर्डर घेत नाहीयोत.