गरम दशमी डब्यात भरली की...

लोहगड चढून वर डबा उघडला, तर झाकणाच्या आतून पाण्याचे थेंब टपकले. वरच्या दोन दशम्या ओल्याचिंब, खालच्या एकमेकींना चिकटलेल्या.

"अगं, सकाळी किती मऊ होत्या!" मैत्रीण हळहळली.

होत्याच मऊ. पण गरम भरल्या. वाफ झाकणाला लागून गार झाली, तिचं पाणी दशमीवरच पडलं. अशी दशमी उन्हात लवकर आंबते.

दशमी खरं तर प्रवासाचीच. दोन वाट्या कणीक, दोन चमचे तेल, मीठ आणि पाण्याऐवजी वाटीभर कोमट दूध, तेही लागेल तसंच. अर्धा तास झाकून ठेवायची, पोळीपेक्षा जराशी जाड लाटून मध्यम आचेवर भाजायची. फार वेळ तव्यावर राहिली की वातड होते. मग सुती फडक्यावर एकेक पसरून पूर्ण गार करायची. रचून ठेवली तर मधल्या गरमच राहतात.

सोबत शेंगदाण्याची कोरडी चटणी. ओल्या नारळाची अजिबात नको. काकडी अख्खी न्यावी, गडावर चिरावी.

गूळ घालून करता का कुणी? दुधात विरघळवून की किसून?