अतिप्रसंग: हद्द कुणी ओलांडली?

आजच्या पेपरात पुन्हा तोच शब्द, ‘अतिप्रसंग’. नेमकं काय घडलं, ते मात्र त्यावरून कळत नाही.

संस्कृत धातू ‘सञ्ज्’ म्हणजे चिकटणे. संग, निःसंग, आसक्ती, प्रसंग ही सगळी त्याचीच लेकरं. शास्त्रकारांकडे ‘अतिप्रसंग’ हा तर्कातला दोष: नियम जिथे लागू होऊ नये तिथेही लागू होणं. ‘जिला शिंगं ती गाय’ अशी व्याख्या केली, की म्हैससुद्धा गाय ठरते. तिथे हद्द ओलांडते ती व्याख्या. मराठीत ती माणूस ओलांडतो: सलगीचा अतिरेक, आणि आज मुख्यतः स्त्रीवर केलेली जबरदस्ती.

शब्द सुंदर घडलेला आहे, पण बातमीत तो घात करतो. कायद्यात विनयभंग वेगळा (१ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेचं कलम ७४, आधी भारतीय दंड विधानाचं, म्हणजे भादंविचं, कलम ३५४) आणि बलात्कार वेगळा (कलम ६३, ६४). ‘अतिप्रसंग’ दोन्हींवर एकच पांघरूण घालतो. बातमी लिहिताना एफआयआरमधलं कलम बघा, गुन्ह्याचं तेच नाव लिहा. नुसता प्रयत्न असेल, तर ‘प्रयत्न’ हा शब्द गाळू नका.