बॉनमधले कर्णे

आज आईला घेऊन जर्मनीतल्या बॉनला गेलो होतो, संगीतकार बीथोव्हनच्या घरी. १७७० साली तो जन्मला ती माळ्यावरची खोली दारातूनच बघायची. आई डोकावून म्हणाली, "आपल्या वाड्यातली अडगळीची खोली मोठी होती रे!"

पण पाय अडकले ते कर्ण्यांपाशी. ऐकू येईना म्हणून बीथोव्हन कानाला लावायचा ते धातूचे कर्णे. मेल्त्सलने बनवलेले. मेट्रोनोमवाला (लय धरायला टिकटिक करणारं यंत्र) तोच हा. एक तर थेट आमटीच्या डावासारखा! आई काचेला नाक लावून किती तरी वेळ बघत होती. तिचं स्वतःचं कानाचं मशीन दोन वर्षं ड्रॉवरमध्ये पडून आहे. "लोक बघतात."

मग मी तिला बीथोव्हनच्या १८०२ च्या एका पत्राबद्दल सांगितलं. वय अवघं एकतीस, आणि भावांना लिहितोय की "जरा मोठ्याने बोला, मी बहिरा आहे" असं चारचौघांत सांगणं मला जमेना. पत्र पाठवलंच नाही. सापडलं ते १८२७ मध्ये, तो गेल्यावर. नववी सिम्फनी त्या पत्रानंतर बावीस वर्षांनी. पहिल्या प्रयोगाला टाळ्या त्याला ऐकू आल्याच नाहीत, गायिकेने धरून लोकांकडे वळवलं तेव्हा दिसल्या.

आई काही बोलली नाही. (हे नवल!)

परतीच्या गाडीत म्हणाली, "लाव बरं ती नववी." आणि पर्समधून मशीनची डबी काढली. बरोबर आणली होती, पत्ताच नव्हता मला.

बॅटरी संपलेली निघाली.