अपघातातून वाचलेल्यांच्या भरपाईविषयी

पुण्यातील नवले पुलाजवळ अपघात झाला की बातम्यांत मृतांचा आकडा ठळकपणे येतो. परंतु जे वाचले आणि हातपाय गमावून घरी परतले, त्यांचे पुढे काय होते हे फारसे कोणी विचारत नाही. शिवाजीनगरच्या न्यायालयात मोटार अपघात दावा न्यायाधिकरणापुढे त्यांचे दावे चालतात आणि अनेकदा सारा वाद अपंगत्वाच्या दाखल्यावरील टक्केवारीभोवती फिरतो.

शारीरिक अपंगत्व आणि कमाईची क्षमता गमावणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे सर्वोच्च न्यायालयाने 2010 मध्ये राजकुमार विरुद्ध अजयकुमार या निकालात स्पष्ट केले. त्यातलेच उदाहरण असे, की डावा हात तोडावा लागला तरी कारकुनाची नोकरी टिकू शकते, पण सुताराची किंवा वाहनचालकाची कमाई पूर्णपणे बुडू शकते. म्हणून जखमी माणूस नेमके कोणते काम करत होता, याचा पुरावा मला दाखल्याइतकाच मोलाचा वाटतो. औषधांच्या पावत्या लोक जपून ठेवतात; दवाखान्यात सोबत थांबणाऱ्याची बुडालेली मजुरी मात्र कुठेच नोंदली जात नाही.

धडक देऊन पळालेल्या वाहनाचा शोध लागला नाही, तर गंभीर जखमीला 50,000 रुपये मिळतात. 1 एप्रिल 2022 पूर्वी ते 12,500 होते. वाढ झाली हे खरे, पण खासगी रुग्णालयात मांडीच्या हाडाच्या एका शस्त्रक्रियेलाही ती रक्कम क्वचितच पुरते. 1 एप्रिल 2022 पासूनच न्यायाधिकरणापुढे अपघातानंतर 6 महिन्यांत दावा दाखल करण्याची अटही लागू झाली, आणि अंथरुणाला खिळलेल्या माणसासाठी ही मुदत फार तोकडी आहे.