तुम्ही विचारलंत म्हणून: ३०९ नंबरची ‘ईली’

घरी येणारं कुणीही माझ्या कपाटातली जहाजं बघत बघत ‘ईली’पाशी थांबतं. मग ठरलेला प्रश्न येतो, “जे जहाज कधी समुद्रात गेलंच नाही, त्याचं मॉडेल कशाला केलंत?”

आर्थर ईली हा अमेरिकन नौदलातला वैमानिक. ४ जून १९४२ ला प्रशांत महासागरात जपानी आरमाराशी झालेल्या मिडवेच्या लढाईत ‘एंटरप्राइज’ या विमानवाहू नौकेवरून पाणतीर टाकणारी १४ विमानं निघाली. विमानं संथ, आणि सोबतीला लढाऊ विमानं नाहीत. नौकेवर ४ परतली. ईली आला नाही. त्याच तुकडीतले लॉइड थॉमस आणि जॉन एव्हरसोलही आले नाहीत.

नौदलाने तिघांचीही नावं डिस्ट्रॉयर एस्कॉर्टना दिली. मालवाहू ताफ्यासोबत राहून पाणबुड्यांना अडवणाऱ्या या छोट्या युद्धनौका. ‘ईली’ आणि ‘लॉइड थॉमस’ कॅलिफोर्नियातल्या मेअर आयलंड गोदीत व्हायच्या होत्या. पण १९४३ च्या मे महिन्यात अटलांटिकमध्ये जर्मन पाणबुड्यांचा कणा मोडला आणि गोद्यांकडून सैन्य किनाऱ्यावर उतरवणाऱ्या बोटी मागितल्या जाऊ लागल्या. १००५ एस्कॉर्टची ऑर्डर होती, पुऱ्या झाल्या ५६३. या दोघी १९४४ मध्ये रद्द झाल्या. निर्णय बरोबरच होता, लागणार नाही त्या जहाजात पोलाद का अडकवायचं?

नावांचं मात्र काय झालं बघा. थॉमसचं नाव आणखी एका एस्कॉर्टला दिलं, तीही रद्द झाली. अखेर १९४७ मध्ये त्याच्या नावाची विनाशिका दाखल झाली. ‘एव्हरसोल’ लढायला गेली, ऑक्टोबर १९४४ मध्ये जपानी पाणबुडीने तिला फिलिपिन्सजवळ बुडवलं, आणि ते नाव पुढे एका विनाशिकेला मिळालं. आर्थर ईलीच्या वाट्याला पुन्हा जहाज आलं नाही. मला राहवलं नाही ते यामुळे.

तिच्या जातीची जहाजं ८८ मीटर लांब, माझी २५ सेंटिमीटर. डेप्थ चार्ज, म्हणजे पाणबुड्यांवर टाकायचे पाण्याखाली फुटणारे बॉम्ब, त्यांच्यासाठी तांब्याच्या तारेचे दोन-दोन मिलिमीटरचे तुकडे कापले आणि चिमट्याने एकेक चिकटवले. नंबर सगळ्यात शेवटी. पहिल्या खेपेला ९ चं पोट रंगाने भरून गेलं. पुसलं, आणि दुसऱ्या दिवशी सकाळच्या उजेडात पुन्हा काढलं.

आता ती ‘एव्हरसोल’च्या शेजारी उभी आहे. पलीकडची जागा ‘लॉइड थॉमस’साठी मोकळी ठेवलीय, तिचा तळ कालच कापायला घेतला.